शहाचं पाणी

११ मे १९४७, कर्जत

मुंबईच्या डॉक्टरांनी आज माझ्या घशात एक चिमुकला आरसा घातला आणि वीस वर्षांच्या सार्वजनिक आयुष्याचा निकाल लावून टाकला. स्वरतंतूंवर गाठी झाल्या आहेत. "दिवसाला साधारण किती बोलता?" त्यांनी विचारले. मी उत्तर देऊ लागलो. बराच वेळ गेल्यावर त्यांनी हात वर केला आणि म्हणाले, "समजले."

हुकूम असा : दिवाळीपर्यंत एकही शब्द नाही. कुजबूजसुद्धा नाही, तिने ताण जास्तच येतो. "पाळलेत तर आवाज वाचेल. मध्ये एकदा जरी सभा गाजवलीत, तर पुन्हा माझ्याकडे येऊ नका. माझ्या हातात काही उरणार नाही."

दादरला उतरून अनसूयेने एक पाटी आणि पेन्सिल विकत घेतली. मी एके काळचा शाळामास्तर, आता माझ्याच हातात पाटी! घरी पोचल्यावर तिच्यावर पहिले वाक्य लिहिले : 'हा अन्याय आहे.' अनसूयेने ते वाचले, पदराने पुसले आणि म्हणाली, "पाणी देऊ?"

१४ मे

तीन दिवस. भिंतीवरची पाल माझ्यापेक्षा जास्त बोलते.

पण मी हातावर हात ठेवून बसणारा माणूस नव्हे. देश सुटायच्या बेतात आहे आणि आमच्या शेतकऱ्याला डाव म्हणजे काय ते ठाऊक नाही. तो पुढच्याच चालीचा विचार करतो, म्हणून जो उठतो तो त्याला फसवतो. त्याला बुद्धिबळ शिकवले पाहिजे! हा खेळ आपल्या भूमीतला, आणि तो राजवाड्यांत आणि वकिलांच्या ओसरीवर अडकून पडला आहे. मी त्याची प्राथमिक ओळख करून देणारे पुस्तक लिहिणार. सोपे, शेतावरच्या माणसाला समजेल असे.

बेचाळीसच्या चळवळीत येरवड्याला असताना आम्ही भाकरीच्या लगद्याची मोहरी करून खेळत असू. एकदा ऐन डावात मुंग्यांनी वजीर खाल्ला. सुटून आल्यावर लाकडी संच घेतला. त्यातल्या एका उंटाची मान मोडलेली आहे, बाकी सगळे शाबूत. आज पट माळ्यावरून काढला आणि प्रस्तावनेला सुरुवात केली.

१९ मे

प्रस्तावना बरीच पुढे गेली. गुलामगिरीची मानसिक कारणे झाली, आता शिक्षणपद्धतीवर येतो आहे. अनसूया चहा ठेवताना डोकावली. "घोडा बाहेर पडला का?" मी मान हलवली. "मग प्यादं तरी?" तेही नाही. ती गेली. तिला वाङ्मयात गती नाही.

२० मे

एक विद्यार्थी मिळाला, तोही आपण होऊन दारात आला. पोशीरचा मालोजी. साठीचा शेतकरी, भातशेती करतो. त्याची लेक आवडी इथे नदीपलीकडे दहिवलीला दिली आहे. बायको सोनाबाई मागल्या वर्षी वारल्यापासून तो लेकीकडेच जास्त असतो. मागच्या दाराशी अनसूयेशी काहीतरी बोलत होता. तिने ओसरीवर आणून बसवले. म्हणाली, "सहजच आलेत. बसतील जरा."

सहज! मी लगेच पट मांडला. हा निरक्षर, मी मुका. पाटीचा उपयोग शून्य. अनसूयेला खुणेने म्हटले, तू समजावून सांग. तिने पाटीवर लिहिलेली मोहऱ्यांची नावे तेवढी वाचून दाखवली, मग म्हणे, "मला त्यातलं काही कळत नाही," आणि आत गेली. तेव्हा मोहरे उचलायचे, चालवून दाखवायचे, परत जागेवर ठेवायचे, हीच माझी भाषा.

मालोजीचे तोंड मात्र क्षणभर बंद नाही.

"ही खाचरं झाली, नाय का? एक काळं, एक पांढरं. काळं भिजलेलं, पांढरं कोरडं. बरं. नि ह्यो हत्ती. बांधावरनं सरळ जातंय. शहाणं जनावर हाय. ह्यो कोन? उंट? अन् ह्यो बांध सोडून कोपऱ्याकोपऱ्यातनं जातंय? लोकांची शेतं तुडवीत? मान मोडली ती बरी झाली त्याची!"

घोड्याची अडीच घरे त्याला पटेनात. चार वेळा चालवून दाखवला. शेवटी म्हणाला, "कळलं. बुजलेला बैल आसाच उडी मारतंय. दोन पावलं नीट, नि मग आंगावर."

प्याद्याला पुढे सरळ चालताना आणि तिरके मारताना पाहून तो मांडीवर थाप मारून हसला. "आमची भावकी!"

शेवटी राजा आणि वजीर. राजा एकच घर चालतो, वजीर पाहिजे तिकडे पाहिजे तितका. मालोजीने वजीर हातात धरून ठेवला. "खरं हाय," म्हणाला. "धनी घरात बसून आन् समदं रान हिनं पालथं घालायचं. आमची सोनाबाई वजीरच व्हती. ती गेली नि डाव निस्ता राजावर आला बगा."

मला पटावर पुढे जायचे होते. वजीर त्याच्या हातातून सोडवून घेतला.

२३ मे

आज शह शिकवला. ऊन भयंकर, मालोजी दहिवलीहून चालत आलेला. माझ्या हत्तीने त्याचा राजा धरला. तोंडाने 'शह' म्हणता येत नाही, म्हणून राजाकडे बोट दाखवले. तेवढ्यात दिसले की याचा घसा कोरडा पडला आहे. ज्येष्ठमधाच्या पाण्याचे माझे फुलपात्र शेजारीच होते. ते दोन बोटांनी त्याच्यापुढे सरकवले.

मालोजी अडखळला. "तुमचं हाय नाना ते. उष्टं व्हईल."

याच गोष्टीवर मी दहा वर्षांपूर्वी पोशीरला देवळापुढे दीड तास बोललो होतो. एक पाणी, एक पंगत. त्याला ते भाषण आठवते. परवाच म्हणाला, "लई भारी बोललात. बायाबापड्या रडत व्हत्या." मग पुढे काय झाले, हे विचारायला माझ्याकडे जीभ नाही, पण उत्तर मला ठाऊक आहे. टाळ्या वाजवून सगळे आपापल्या विहिरीवर गेले. आज भाषण असते तर आणखी दीड तास घेतला असता. नुसते फुलपात्र आणखी थोडे पुढे सरकवले. त्याने ते तोंडाला लावून रिकामे केले.

मग शहातून सुटायच्या तीन वाटा दाखवल्या. राजाने बाजूला व्हायचे. नाहीतर मध्ये कुणीतरी आड घालायचे. नाहीतर शह देणाऱ्यालाच मारायचे. तीनपैकी एकही जमली नाही की मात. हे त्याला बरोबर समजले. बोटांवर मोजत म्हणाला, "हट, आड घाल, नाय तर मार."

३० मे

आता आठवड्यातून दोनदा येतो. तो शह मोडायचा विचार करत बसला की मी फुलपात्र पुढे करतो. तेवढाच त्याच्या तोंडाला आळा.

आज त्याने मला पहिला शह दिला. ताबडतोब माझे फुलपात्र उचलून माझ्या पुढ्यात ठेवले आणि लहान मुलासारखा हसला. मलाही तहान लागली होती. प्यालो.

६ जून

वर्तमानपत्रात तारीख आली. पंधरा ऑगस्ट.

देशाचे दोन तुकडे होणार याची आग पोटात आहे, तिच्यावर मी रात्रंदिवस बोललो असतो. आणि तरीही तो दिवस येतो आहे. ज्या दिवसासाठी घसा फाडला तो दिवस!

मग भिंतीवरचा तारखांचा कागद पाहिला. दिवाळी नोव्हेंबरात.

पाटीवर लिहिले, 'पंधरा ऑगस्टला मी मुका?' अनसूयेने या वेळी पुसले नाही. पाटी तशीच कोनाड्यात ठेवली.

२२ जून

हे फक्त इथेच लिहितो. आज पहाटे उल्हास नदीवर गेलो, कुणी नव्हते. घसा बरा झाला असेल, पाहू तरी, असे मनात आले. एकच शब्द उच्चारायला गेलो : 'बंधूंनो'.

जुने धोतर फाटावे तसा काहीतरी आवाज निघाला. माझा नव्हता तो. तोंडात रक्ताची चव आली. दगडावर बसून राहिलो. येरवड्याला शिक्षा सुनावली तेव्हा भ्यालो नव्हतो. आज भ्यालो.

घरी आलो तर अनसूया ज्येष्ठमध कुटत बसली होती. तिने चेहऱ्याकडे पाहिले. दुपारी मालोजी आला. त्याचा दिवस नव्हता, तरी आला.

१३ जुलै

मालोजी लावणीला पोशीरला गेला. मोहरी मांडून ठेवली आहेत, अर्धवट डाव तसाच. माझी काही अडचण होते असे नाही, लेखनाला उलट निवांतपणा आहे. मात्र दुपारी घर फार शांत असते. त्याच्या बैलाच्या खुराची जखम बरी झाली का, आवडीला दिवस गेलेत तिचे कसे आहे, असल्या गोष्टी मला काय करायच्या आहेत? तरी आज दोनदा दारात जाऊन आलो.

अनसूयेने पट पुसला. सगळी मोहरी उचलून टोपलीत घातली होती, मी पाहिले. तासाभराने आलो तर अर्धवट डाव जिथल्या तिथे. प्यादेसुद्धा चुकले नव्हते. बायकांची नजर घरकामाने किती पक्की होते पाहा. प्रस्तावनेत याचा उल्लेख करता येईल.

"लावण्या झाल्या की पोशीरला जाऊन या," म्हणाली. "तुमचे पुस्तक ज्यांच्यासाठी आहे ते लोक तरी दिसतील."

२७ जुलै

पोशीरला गेलो आणि डोके फिरवून घेऊन आलो.

नेरळपर्यंत आगगाडी, पुढे मालोजीची बैलगाडी. देवळाच्या पडवीत गेलो तर काय, चार ठिकाणी खेळ चाललेला! जमिनीवर खडूने पट काढलेले. मोहरी म्हणून चिंचोके, करंजाच्या बिया, हत्ती म्हणून वरवंट्याचे तुकडे. माझा ऊर भरून आला. मालोजीने एकट्याने गावाला शिकवले होते.

मग जवळ जाऊन पाहिले. प्रत्येक पटाशेजारी एक पाण्याचा तांब्या. एकाने शह दिला की तो तांब्या उचलून समोरच्यापुढे ठेवायचा, समोरच्याने घोट घ्यायचा, मगच त्याला राजा हलवायला मुभा. एक जण पाणी न पिताच राजा उचलू लागला तर चौघे ओरडले, "पानी! पानी पी रं आधी! लबाडी नाय करायची!"

मी मालोजीकडे पाहिले. तो अभिमानाने फुलला होता. "तुमी शिकवलंत तसंच शिकवलं, नाना. येक बी नियम गाळला नाय. राजावर चालून जायचं तर त्याच्या धन्याला आधी पानी द्यायचं. मला तर तोच नियम लई आवडला. बाकीचा खेळ मंग."

पाटी बरोबर होती, पण कुणाला दाखवू? अख्ख्या पोशीरमध्ये वाचणारा एक पाटील, आणि तो तोंड फिरवून पलीकडे बसलेला. खेळ शिकवायचा तर शुद्ध शिकवला पाहिजे. एक भ्रष्ट नियम शिरला की सगळे शास्त्र नासते. जगात कुठेही शह दिल्यावर पाणी पाजत नाहीत!

मालोजी स्वतः खेळायला बसला तो नागूशी. नागू गावकुसाबाहेरचा, पायरीच्या खालच्या अंगाला बसून खेळत होता. चांगला खेळतो, जरा घाई करतो. त्याने उंटाने शह दिला आणि तांब्या मालोजीपुढे केला. मालोजीने तोंडाला लावून घोट घेतला आणि राजा सरकवला. पलीकडून पाटील म्हणाला, "मालोजी, बुडवलंस गावाला." मालोजीने मानही वर केली नाही. "खेळाचा नियमच हाय, पाटील. नानांनी घालून दिलेला. इचारा त्यांनाच."

सगळे माझ्याकडे पाहू लागले. नियम चुकीचा आहे हे मानेने सांगणे मला सहज शक्य होते. का कोण जाणे, प्रवासाने थकलो असेन. मी मान होकारार्थी हलवली.

परत येताना गाडीत सगळा वेळ स्वतःवर चिडलो होतो. घरी आल्यावर पाटीभर तक्रार लिहिली. अनसूयेने वाचली, दोनदा वाचली. नागूपर्यंत आली तेव्हा तिचे डोळे भरून आले.

"आणि तुम्ही चिडलात?" म्हणाली.

'अर्थात. नियम चुकीचा.'

तिने पाटी खाली ठेवली. "दीड तास बोलला होतात ना तिथे?" एवढेच विचारून आत गेली. तिचा रोख कळला नाही.

२९ जुलै

तिचा रोख कळला. दोन दिवस लागले. आज प्रस्तावना वाचायला घेतली आणि ठेवून दिली.

४ ऑगस्ट

गोपाळकृष्ण वकील आले. पंधरा तारखेच्या समारंभाची व्यवस्था त्यांच्याकडे आहे. शाळेच्या मैदानावर सकाळी झेंडा, मग माझे भाषण. तब्येतीचे त्यांना ठाऊक होते.

"नाना, पाच मिनिटं. अहो, पाच मिनिटांनी काय होतंय? कर्जतमध्ये त्या दिवशी तुम्ही नाही बोलायचं तर कुणी? मी? मी कोर्टातसुद्धा झोप आणतो. लोक म्हणतील, स्वातंत्र्य आलं नि नाना गप्प."

हा शेवटचा वार वर्मी लागला. मी पाटीवर लिहिले, 'पाच मिनिटे.' वकील हात जोडून गेले.

अनसूया दारात उभी होती. मला वाटले आता कडाडेल. मी युक्तिवाद तयार ठेवला होता. आयुष्यभर जपून ठेवलेला आवाज घेऊन काय करायचे, तो खर्चायचा दिवस एकच असतो, वगैरे. ती फक्त म्हणाली, "ठरलंच का तुमचं?" मी मान हलवली. "बरं."

संध्याकाळी मालोजी आला तेव्हा मागच्या दाराशी दोघे बरेच बोलत होते. लोणच्याचे असावे.

१४ ऑगस्ट

भाषण तयार. पाच मिनिटांत बसवताना जीव गेला. पहिले वाक्य असे आहे की मैदान उभे राहील. तिकडे पंजाबातून येणाऱ्या बातम्या वाचवत नाहीत. त्याबद्दलही एक वाक्य ठेवले आहे, सर्वांत कठीण तेच.

भीती वाटते का? वाटते. नदीवरचा तो आवाज कानात आहे. पण उद्या मी बोलणार.

१५ ऑगस्ट १९४७

दुपार. मैदानावरून आत्ताच आलो. क्रमाने लिहितो, नाहीतर लिहिता येणार नाही.

सकाळी पाऊस थांबला होता. घर बंद करून अनसूयेने किल्ली कमरेला लावली. मैदानात एवढी माणसे मी कर्जतमध्ये पाहिली नव्हती. भिवपुरीच्या वीजघरातले लोक, खालापूरहून आलेल्या बैलगाड्या, बायका वेगळ्या बाजूला, पोशीरची मंडळी देवळाला निघावे तसे नवे मुंडासे बांधून. झेंडा वर गेला. फडका ओला असल्याने आधी गुंडाळलेलाच राहिला, मग वाऱ्याने एकदम उलगडला. माझ्या शेजारी वकील रडत होते.

मग त्यांनी माझे नाव पुकारले. जो गजर झाला तो वीस वर्षांत ऐकला नव्हता. मी टेबलापाशी गेलो. छातीत श्वास भरला. पहिले वाक्य जिभेवर होते.

तेवढ्यात गर्दीतून मालोजी येताना दिसला. दोन्ही हातांत फुलपात्र, सांडू नये म्हणून पाय मोजत. एका स्वयंसेवकाने अडवले. "ए बाबा, कुठे?"

"नानांना पानी द्यायचं हाय."

त्यात काय, बोलणाऱ्याला पाणी द्यायचेच. सोडले त्याला. तो वर आला. फुलपात्र माझ्या हातात दिले नाही. टेबलावर ठेवले आणि दोन बोटांनी माझ्यापुढे सरकवले. मी सरकवतो तसेच. आणि हा बडबड्या माणूस, जो प्याद्याशीसुद्धा बोलतो, एक शब्द बोलला नाही. नुसता माझ्याकडे पाहत उभा राहिला.

मैदानातल्या सगळ्यांना ते पाणी दिसले. मला, मालोजीला आणि पोशीरच्या माणसांना शह दिसला.

पोशीरची सगळी रांग उभी राहिली होती. नागू त्यांच्यातच होता. कुणी हसत नव्हते. शह दिला आहे, आता हा काय करतो, एवढेच त्यांच्या तोंडावर.

जो आवाज मी पुढे काढून खर्चायला निघालो होतो ते प्यादे नव्हते. राजा होता. तो गेला की डाव संपतो, आणि आज डाव संपवायचा दिवस नव्हता. हे मला इतके स्वच्छ दिसले की भरलेला श्वास हळूहळू सोडून दिला.

नियमाप्रमाणे आधी पाणी प्यालो. सगळे. ज्येष्ठमधाची चव होती. फुलपात्र खाली ठेवताना पाहिले तर आमच्याच घरचे, काठाला पोचा असलेले.

हट, आड घाल, नाय तर मार. मंचावर हटायला जागा नव्हती. मालोजी वळून उतरू लागला होता. मी त्याचे मनगट धरले आणि त्याला ओढून माझ्यापुढे उभे केले.

मालोजीचा चेहरा पांढरा पडला. मागे वळून हळूच म्हणाला, "नाना, ह्ये नियमात नाय." मी पाठीवर हात ठेवला. नियमात होते. मीच शिकवले होते.

"मी मालोजी," तो म्हणाला. मागून कुणीतरी ओरडले, "पुढं बोल रं!" तो त्या माणसावर उखडला आणि त्यामुळे त्याला कंठ फुटला. "बोलतो की! तुझ्यागत दारू पिऊन नाय आलो!" हशा झाला. "ऐका. नाना आज बोलनार नायत. त्यांचा गळा फाटलाय. आपल्यासाटी बोलून फाटलाय, दुसऱ्या कशानं नाय. आज बोलले तर पुना कदी बोलायचे नायत. तुमाला चालंल? मला नाय चालनार. मला अजून घोडा नीट येत नाय."

कुणीतरी 'नाय, नाय' म्हणाले. मग पुष्कळांनी म्हटले.

"मंग आज आपन वरडू. नि नानांनी ऐकायचं. लई वरसं आपन ऐकलं."

आणि त्याने हात वर केला. जयजयकार झाला तो असा की शाळेच्या कौलांवरची कबुतरे उडाली. माझे ओठ हलत होते. आवाज माझा नव्हता, आणि त्याचे मला वाईट वाटत होते, आणि वाटत नव्हते. दोन्ही खरे लिहितो.

माझे पहिले वाक्य कुणीच ऐकले नाही. चांगले होते.

एक गोष्ट उमगत नाही. घराला कुलूप, किल्ली अनसूयेच्या कमरेला. मग मालोजीने फुलपात्र घेतले कुठून, आणि त्यात ज्येष्ठमध कुणी घातला? जेवताना पाटीवर विचारले. "फुलपात्र?" ती म्हणाली. "असेल इथेच कुठेतरी. भात घेता ना?"

१९ नोव्हेंबर

मुंबईला जाऊन आलो. पुन्हा तोच आरसा. गाठी बसल्या आहेत. घरात, चारचौघांत हळू बोलायला परवानगी. मैदानी सभा मात्र यापुढे नाही, कधीच नाही. हे ऐकताना छातीत कळ आली, लपवत नाही. वर्गात शिकवता येईल का, पाटीवर विचारले. "लहान वर्ग असेल तर," डॉक्टर म्हणाले.

पहिला शब्द कोणता बोलायचा याचा सहा महिने विचार केला होता. डॉक्टरांनी 'आ' म्हणायला लावले आणि तोच पहिला ठरला. दुसरा मात्र माझा. परतीच्या गाडीत खिडकीपाशी बसलेल्या अनसूयेला खरखरीत तुटक्या आवाजात तिच्या नावाने हाक मारली. आमच्यात नवरा बायकोचे नाव चारचौघांत घेत नाही. समोरच्या बाईने पदर तोंडाला लावला. अनसूया बाहेरच पाहत राहिली. "हळू," एवढेच म्हणाली, आणि ज्येष्ठमधाची कांडी माझ्या हातात ठेवली.

२० नोव्हेंबर

प्रस्तावना चुलीत घातली. अनसूयेने पाणी तापवून घेतले. पुस्तकाचे पहिले वाक्य आता असे : 'पट मांडण्यापूर्वी शेजारी पाण्याने भरलेले एक भांडे ठेवावे.' खाली टीप देणार होतो की हा नियम सर्वत्र मान्य नाही. ती खोडली.

दुपारी मालोजी आला. आवडीला मुलगी झाली, नाव सोनाबाई ठेवले. मळणी, नातीची आंघोळ, पाटलाने परवा देवळात मुकाट्याने नागूचा शह घेतला ते, आणि नागूचा चुलत भाऊ खेळायला बसायचा अजून बाकी आहे तेही, असे सगळे एका दमात सांगून झाले. मी बोलू शकतो हे मुद्दाम सांगितले नव्हते. त्याला चकित करायचे होते. डाव रंगात आला. अनसूया तांदूळ निवडत पलीकडून म्हणाली, "हत्ती उघडा पडलाय," आणि निवडत राहिली. कुणाचा, ते सांगितले नाही. पाहिले तर मालोजीचाच होता. तो मी मारला, पुढच्या चालीला त्याचा राजा धरला, आणि खाकरून, हळू पण स्पष्ट म्हणालो, "शह!"

मालोजी आनंदाने उठून उभा राहिला. "आला! आवाज आला! वयनी, ऐकलंत का?" मग डोळे पुसत खाली बसला, पटाकडे पाहिले आणि कपाळाला आठ्या घातल्या.

"पर ते काय म्हनलात? शह? ते काय असतंय?"

माझ्या ध्यानात आले. त्याने तो शब्द कधी ऐकलाच नव्हता. कोण सांगणार होते?

मी फुलपात्र दोन बोटांनी त्याच्यापुढे सरकवले.

"आसं सांगा की," मालोजी म्हणाला, आणि पाणी प्याला.